विसात एक की दहात एक

राहनाळच्या आमच्या गोदामात पॅकिंगच्या टेबलावर आम्ही पाच जण. रविवारी माल सगळ्यात जास्त, म्हणून रविवारची सुट्टी फक्त दोघांना. ती कोणाला, हे शनिवारी जेवणाच्या वेळेला ठरतं. प्रत्येकाने आपलं नाव लिहून चिठ्ठी बिस्किटांच्या रिकाम्या डब्यात टाकायची आणि पंढरीनाथ सुपरवायझरनी डोळे मिटून दोन उचलायच्या.

आमच्यातले सुगत आणि रूपा नवराबायको. लग्नाला पाच महिने झाले, राहायला धामणकर नाक्याजवळ एका खोलीत सात माणसं, आणि दोघांना एकत्र सुट्टी अजून एकदाही नाही. रूपाला नवऱ्याबरोबर अकलोलीला जायचं होतं, गरम पाण्याच्या कुंडात पाय सोडून बसायचं होतं. बास, एवढंच. त्यात सोमवारपासून सुगतची पडघ्याच्या गोदामात बदली. म्हणजे हा शनिवार शेवटचा.

"नाही जमणार," सुगत भाकरीचा तुकडा मोडत म्हणाला. "पहिली चिठ्ठी माझी निघायची शक्यता पाचात एक, मग हिची चारात एक. विसात एक झालं."

चुकीचं गणित ऐकलं की माझं डोकं फिरतं. बी.एस्सी. अर्धवट सोडली म्हणून काय झालं? "आणि पहिली हिची निघाली, मग तुझी, तर काय घरी बसणार आहेस?" मी म्हटलं. "आधी कोण आणि नंतर कोण, काय फरक पडतो? जोडी तीच. पाच जणांतून दोघांच्या जोड्या होतात दहा. दहात एक."

कलावतीबाईंनी दहाच्या दहा जोड्या बोटांवर मोजून पाहिल्या. "माधवी बोलते ते बराबर हाय," त्या म्हणाल्या. "पन आता इतकं शनवार हुकलं, म्हंजे यांचाच नंबर हाय."

"मावशी, चिठ्ठ्यांना मागचं काही आठवत नसतं."

"तू इचारलंस त्यांना?"

तुळशीराम, आमच्यातला एकटा जीव, नेहमीसारखा गप्प जेवत होता.

आता कबूल करते. चिठ्ठीवर मी माझं नाव लिहिलंच नाही, रूपाचं लिहिलं. म्हणजे डब्यात रूपा दोन, सुगत एक. दहातल्या दोन जोड्या त्यांच्या. एवढी लबाडी करून फक्त दुप्पट. मला माझीच कीव आली.

पंढरीनाथांनी डोळे मिटले. पहिली चिठ्ठी निघाली रूपाची. दुसरी निघाली, तीही रूपाची.

मी खाली फरशीकडे पाहत राहिले. पंढरीनाथांनी दोन्ही चिठ्ठ्या उलटसुलट करून पाहिल्या आणि डबाच टेबलावर पालथा केला. उरलेल्या तीन चिठ्ठ्यांवर एक रूपा आणि दोन सुगत.

"तुमच्यातल्या एकाला पण स्वतःची सुट्टी नको?" ते म्हणाले. "काय चाललंय काय?"

"रविवारी माजं घर पावण्यांनी भरतं. मला न्हाय पायजे सुट्टी," कलावतीबाई म्हणाल्या. तुळशीरामचे कान लाल झाले होते.

"परत काढायच्या नाहीत," पंढरीनाथ म्हणाले. "निघाल्या त्या निघाल्या, नियम आहे. रूपाला सुट्टी, सुगत ड्युटीवर."

जळो तो नियम. मी भांडायला तोंड उघडणार, तेवढ्यात रूपाच बोलली. पाच महिन्यांत सुपरवायझरसमोर तिचा आवाज कोणी ऐकला नव्हता.

"साहेब, चिठ्ठ्या दोन निघाल्या. दोन्हीवर माझं नाव आहे. म्हणजे दोन सुट्ट्या माझ्या. एक मी घेते, एक यांना देते."

पंढरीनाथांनी चिठ्ठ्यांकडे पाहिलं, तिच्याकडे पाहिलं, आणि हजेरीबुकात मुकाट्याने दोन्ही नावं लिहिली.

ती दोघं हसत हात धुवायला गेली. मी मात्र तिथेच बसून जोड्या मोजत राहिले. रूपा-सुगत सहा. रूपा-रूपा तीन. सुगत-सुगत एक, आणि तसं झालं असतं तर सुगतनेही दुसरी सुट्टी तिलाच दिली असती. दहात दहा. त्या डब्यात या दोघांशिवाय कोणी नव्हतंच, आणि मी, एवढी गणितवाली, दहात दोन धरून रडत बसले होते.