एकदम फिट

माझ्या वतीने बोलायचं काम माझ्या सासूबाईंकडे आहे. मी ते त्यांना कधी सोपवलं आठवत नाही, पण त्या ते इमानेइतबारे करतात. मला दिवस गेले आणि आम्ही प्रसूतीच्या मोठ्या डॉक्टरबाईंकडे नाव घातलं, तेव्हाही बोलल्या त्याच. बाईंच्या खोलीबाहेर एक सिस्टर टेबल टाकून बसते आणि येणाऱ्या प्रत्येकीला तेच प्रश्न एका दमात विचारते.

"शुगर, बीपी, थायरॉइड, फिट?"

"एकदम फिट!" सासूबाई म्हणाल्या. "आमच्याकडे आल्यापासून साधी शिंक नाही हो हिला."

सिस्टर हसली. बाकावरच्या दोघीतिघी हसल्या. मीही हसले, कारण न हसणं कुणाच्या तरी लक्षात आलं असतं. सिस्टरने सगळीकडे 'नाही' लिहिलं आणि पुढचीला हाक मारली. मला शाळेत असल्यापासून फिट येते, हे सांगायची तीच वेळ होती आणि ती माझ्या डोळ्यांदेखत निघून गेली.

येते म्हणजे यायची. मी रोज सकाळ-संध्याकाळ गोळी घेते, त्यामुळे लग्न झाल्यापासून एकदाही आलेली नाही. लग्नाच्या वेळी माहेरच्यांनी हे सांगितलं नाही. "कशाला उगीच," एवढंच आई म्हणाली होती. तिचं ते 'कशाला उगीच' माझ्या मानगुटीवर बसलंय ते आजवर उतरलेलं नाही. नवऱ्याला मी सांगितलंय की गोळ्या केस गळतात म्हणून आहेत. माझे केस कमरेपर्यंत आहेत, पण नवरे इतकं कुठे बघतात!

गोळ्या लिहून देतात ते माहेरचे आमचे जुने डॉक्टर. गोवर, टायफॉइड, फुटलेला कान, माझं सगळं त्यांनीच निस्तरलंय. त्यांच्या दवाखान्यातला वजनकाटा सगळ्यांना जास्तच दाखवतो आणि ते स्वतःच मनातल्या मनात वजाबाकी करतात. मी बातमी सांगितली तेव्हा त्यांनी आधी तोंडभरून आशीर्वाद दिला आणि मग चष्मा काढून ठेवला. ते चष्मा काढतात तेव्हा काही खरं नसतं.

"बाईंना गोळीचं सांगितलंस?"

"नाही."

"पोरी, ही गोळी पोटातल्या बाळाला बरी नाही. पण मनाने बंद करशील तर फिट येईल, आणि ती दोघांनाही महागात पडेल."

"मग तुम्ही बदलून द्या ना दुसरी."

"सर्दी-पडसं असतं तर दिली असती. हे माझ्या एकट्याच्या आवाक्यातलं नाही. मेंदूचे डॉक्टर बदलतील, तेही बाईंशी बोलून. आणि बाळाची सोनोग्राफी बारकाईने करायला हवी, मणका, हृदय, सगळं. काय शोधायचं हे बाईंना माहीतच नसेल तर त्या शोधणार काय? तू हो म्हण, आत्ता फोन लावतो."

"बाई सगळं सासूबाईंसमोरच बोलतात."

"मग एकटी जा."

"मी जायचं म्हटलं की त्या माझ्या आधी चप्पल घालून दारात उभ्या असतात."

ते हसले नाहीत. "मी तुझ्या सासूबाईंना घाबरत नाही," ते म्हणाले, "पण तुझ्या होकाराशिवाय तोंड उघडणार नाही. ठरव लवकर."

मी काय ठरवणार, कपाळ! गोळी घ्यावी तर बाळाची भीती, सोडावी तर दोघांची. घरचे डॉक्टर मोठ्या बाईंकडे बोट दाखवतात आणि मोठ्या बाईंपर्यंत जायची वाट सासूबाईंवरून जाते. रोज गोळी तोंडात टाकताना मी पोटावर हात ठेवून माफी मागायची. खरं सांगितलं तर हे घर मला ठेवून घेईल का, हेच मला कळत नव्हतं.

पुढच्या खेपेला मी पडद्यावर भिस्त ठेवली होती. तपासायच्या टेबलाला हिरवा पडदा आहे. त्याच्याआड बाईंच्या कानात सांगायचं, असं ठरवून गेले. पर्स सांभाळत सासूबाईही पडद्याच्या आत आल्या.

"छान आहे सगळं," बाई हात पुसत म्हणाल्या. "पुढच्या वेळी एक साधी सोनोग्राफी करू."

"साधी नको," मी म्हणाले.

"अगं, बाई म्हणतायत ना," सासूबाई म्हणाल्या.

"मला फिट येते."

"आहेसच की फिट!"

"तसली नव्हे, आई. हातपाय झाडतात ती."

बाईंनी गोळीचं नाव विचारलं, ते ऐकून कपाळाला आठ्या घातल्या आणि आमच्या डॉक्टरांना तिथूनच फोन लावला.

"चौथा महिना लागला, सर! मला आधी का नाही सांगितलंत?"

पलीकडून डॉक्टरांचा आवाज मलाही ऐकू आला. "तिने हो म्हटलं असतं तर त्याच दिवशी सांगितलं असतं."

मग दोघं बराच वेळ बोलले. मेंदूच्या डॉक्टरांची वेळ ठरली, सोनोग्राफीची ठरली. मी आडवी पडून ऐकत होते आणि इतकं हलकं वाटत होतं की रडूच आलं. सासूबाई पर्स पोटाशी धरून उभ्या होत्या. शेवटी बाई वळल्या त्या माझ्याकडे नाही, त्यांच्याकडे.

"एकही गोळी चुकता कामा नये. झोप पूर्ण व्हायला हवी. हिला एकटं सोडू नका. आणि न्हाणीघराला आतून कडी लावायची नाही."

सोनोग्राफी झाली. मणका नीट आहे, हृदय नीट आहे, निदान जेवढं दिसतं तेवढं. औषधही बदलताहेत, हळूहळू. मला कुणी घराबाहेर काढलं नाही. नवऱ्याने तिसऱ्या दिवशी न्हाणीघराची कडी काढून टाकली.

त्या घरात एकटीने बसायला मला तेवढीच जागा होती. रडायचं असलं, माहेरच्यांना शिव्या द्यायच्या असल्या, की नळ मोठा सोडून मी तिथे उरकून घ्यायची. आता सासूबाई दाराबाहेर स्टूल टाकून बसतात आणि तांब्यागणिक विचारतात.

"आहेस ना गं?"

"आहे."

"आहेस ना?"

"आहे, आई!"

काल मी उत्तर दिलं नाही. मुद्दामच. डोक्यात तिडीक गेली होती.

दार धाडकन उघडलं. सासूबाई ओल्या फरशीवर गुडघे टेकून माझ्यापुढे बसल्या. त्यांचा हात आधी माझ्या पोटावर गेला, मग त्यांनी माझं डोकं दोन्ही हातांत धरलं.

"बोल ना गं," त्या म्हणाल्या.

"आहे," मी म्हणाले.

त्या तिथेच भिंतीला टेकून हुंदके देऊन रडल्या. इतके दिवस मनातल्या मनात का होईना, मला त्यांच्याशी कडाकडा भांडता येत होतं. आता तेही जमेना, आणि याचाच मला जास्त राग आला. थोड्या वेळाने त्या उठल्या, डोळे पुसले आणि बाहेरचं स्टूल उचलून आत आणलं.

"उद्यापासून मी आतच बसते," त्या म्हणाल्या.

मी हो म्हटलं आणि त्यांच्याकडे पाठ करून अंगावर पाणी घेतलं.