हंडा दाखल करण्याचा अर्ज

धर्माकाकांनी विहिरीवरच्या मोटारीच्या पेटीला कुलूप लावलं, त्याला सव्वा वर्ष झालं होतं. ते माझ्या वडिलांचे चुलतभाऊ. विहीर त्यांच्या वडिलांनी, चिमाजींनी, खोदली आणि ती त्यांच्या एकट्याची, असं त्यांचं म्हणणं. आमचं म्हणणं, ती चिमाजी आणि माझे आजोबा भिमाजी या दोघा भावांची. वडील वारले होते, म्हणून आईनं, साळुबाईनं, जुन्नरच्या कोर्टात दावा लावला. तो हरलो असतो तर खोडदचं आमचं दीड एकर टोमॅटोचं रान कायमचं कोरडवाहू झालं असतं. आणि सातबाऱ्यावर विहीर काकांच्या गटात होती. आमच्याकडे कागद एकही नव्हता.

पाणी लांबून आणून साठवावं लागे. त्यासाठी २००४च्या मार्चमध्ये आईनं न्हाणीतला तांब्याचा जुना हंडा घासायला काढला. चुलीवर तापून तापून त्याच्यावर काजळी बसली होती. मी पट्टीनं मोजली, दोन मिलिमीटर. चिंच-मिठानं ती निघाली आणि गळ्याशी अक्षरं दिसली : ‘भिमाजी व चिमाजी यांच्या विहिरीस पाणी लागले, सन १९५८.’

आमचे वकील भरतराव हंडा बघून आधी हसले, मग गंभीर झाले. पुरावे दाव्यासोबतच द्यायचे असतात. मागाहून द्यायचे तर कोर्टाची परवानगी लागते आणि आधी का दिले नाहीत, याचं कारण सांगावं लागतं.

“काजळी व्हती,” आई म्हणाली.

“अर्जात काजळी कशी लिहू, साळुबाई?”

“व्हती ती लिवायला काय जातंय? दुसरं कायबी लिवलं तर ते खोटं व्हईल.”

त्यांनी काजळीच लिहिली. समोरच्या बाजूला प्रत द्यायची होती, आणि हंड्याची झेरॉक्स निघत नाही. मी अक्षरांवर पातळ कागद धरून पेन्सिल घासली. मजकूर स्वच्छ उमटला.

तारखेला नारायणगावहून जीपनं निघालो.

“मावशी, हंडा टपावर टाका,” ड्रायव्हर म्हणाला.

“कोर्टाचा कागद हाय त्यो,” आई म्हणाली आणि हंडा मांडीवर घेऊन बसली.

कोर्टात काकांचे वकील उठले. “साहेब, यादीत लिहिलंय : कागद क्रमांक एक, तांब्याचा हंडा. हे भांडं आहे.”

“धातूवर कोरलेला मजकूरही पुरावा कायद्यात दस्तऐवजच असतो,” भरतराव म्हणाले.

“मग तो मागच्या आठवड्यात कोरला नसेल कशावरून?”

हा प्रश्न येणार असं मला वाटलंच होतं. हंडा घासताना मी अक्षरांच्या खाचा भिंगातून बघितल्या होत्या. चिंच वरवरच पोचली होती, तळाशी जुना काळा थर तसाच होता. ताजं कोरलेलं तांबं तिथं लाल दिसलं असतं. भरतरावांना ते सांगून ठेवलं होतं. त्यांनी खाचा न्यायाधीशांना दाखवल्या.

न्यायाधीश म्हणाले, “खरं-खोटं साक्षीत ठरेल. आज प्रश्न एवढाच की दस्तऐवज घ्यायचा की नाही. प्रतिवादींनी आधी तो बघून घ्यावा.”

धर्माकाका पुढं आले. चष्मा लावून, एकेका अक्षरावर बोट ठेवून त्यांनी मजकूर वाचला. मग पुन्हा वाचला.

“साहेब, ह्याच्यावर भिमाजीचं नाव आधी हाय.”

“मग?”

“आमच्या हंड्यावर चिमाजीचं आधी हाय. चिमाजी व भिमाजी.”

त्यांच्या वकिलांनी डोळे मिटून घेतले.

“तुमच्याकडेही हंडा आहे?”

“व्हय की. हुलगं ठेवतो त्यात. मला वाटायचं, ज्याचं नाव आधी त्यो मालक, दुसऱ्यानं नुसता हात लावला आसंल.”

दोघा भावांत कुणी रुसू नये, म्हणून ज्याच्या त्याच्या हंड्यावर ज्याचं त्याचं नाव आधी घातलेलं होतं. काकांनी उभ्या जन्मात दुसरा हंडा वाचलाच नव्हता. तो आमच्या चुलीवर होता.

परवानगी मिळाली. काकांचा हंडाही पुढच्या तारखेला हजर करायचा हुकूम झाला.

बाहेर व्हरांड्यात काका बराच वेळ चपलेनं फरशी घासत उभे होते. “वहिनी, पुढच्या तारखेला तडजोडीचंच लिवून देऊ,” ते म्हणाले. “माझा हंडा माझ्याच इरुद्ध बोलणार, तर भांडू कुणाच्या जिवावर?”

“त्ये वकिलांना सांगा, भावजी. उद्या पाण्याची पाळी कुणाची?”

“तुमची. सहाला लाइट येती. कुलूप काढून ठिवतो.”