हिरवे ठोकळे

सिमेंटच्या कारखान्यात सगळे तिला चाचणीबाई म्हणत, आणि त्या महिन्यात चाचणीबाईचा जीव पाण्याच्या एका टाकीत अडकला होता. टाकीत तिच्या नव्या सिमेंटचे बारा ठोकळे होते. अठ्ठावीस दिवस पाण्यात मुरवायचे, मग यंत्राखाली दाबून बघायचे. टिकले, तर कारखान्याची दुसरी भट्टी पेटवावीच लागणार नव्हती.

"ठोकळ्यांना रोज बघतेस, माझे गुडघे कधी बघणार?" घरी आई कुरकुरायची.

तसं कार्बन कमी करायचं वेड मोठ्या साहेबांनाही होतं. त्यांनी लिफ्ट बंद केली, जिन्यात कुंड्या मांडल्या. चाचणीबाईने तीनदा घसा फोडून सांगितलं, "साहेब, नुसत्या कोळशाचा प्रश्न नाही. चुनखडी भाजली की खुद्द दगडातूनच कार्बन निघतो. माझ्या सिमेंटमध्ये तो भाजलेला दगड निम्माच आहे. बाकी बहुतेक भाजलेली माती, तिला आचही कमी लागते."

"दगडातूनच निघतो?" साहेब म्हणाले. "मग दुसरा दगड बघा ना!"

घ्या! पण चाचणीला त्यांनी परवानगी दिली, एवढं मात्र खरं.

आठव्या दिवशी आईच्या गुडघ्याची शस्त्रक्रिया ठरली. चाचणीबाई आठवडाभर सुट्टीवर गेली. परत आली तर टाकी रिकामी! बाराही ठोकळे स्वागतकक्षाच्या टेबलावर, खडखडीत वाळलेले आणि चकचकीत हिरव्या ऑइलपेंटने रंगवलेले.

"पाहुणे येणार आहेत ना," साहेब कौतुकाने म्हणाले. "बिचारे पाण्यात पडून होते. सडले असते."

"साहेब, सिमेंट पाण्यानेच घट्ट होतं!"

"मला शिकवता? आमच्या घरात तीन पिढ्या सिमेंट आहे!"

तिने नवे ठोकळे करायला अठ्ठावीस दिवस मागितले. हातापाया पडायचंच काय ते बाकी ठेवलं. पण पाहुण्यांची तारीख ठरली होती, आणि तारीख हलवणं म्हणजे साहेबांच्या लेखी महापाप. अठ्ठाविसाव्या दिवशी तेच हिरवे ठोकळे यंत्राखाली गेले आणि एकामागून एक ठरलेल्या भाराच्या आधीच फुटले. तिला रडू आलं. अहवालावर साहेबांनी लिहिलं, "माती कच्ची."

दुसऱ्या दिवशी दुसरी भट्टी पेटवण्याचा समारंभ झाला. भट्टीही हिरवी रंगवून घेतली होती. बटण दाबायचा मान पर्यावरणप्रेमी कर्मचारी म्हणून चाचणीबाईचा.

तिने माईक हातात घेतला. "मी हे बटण दाबणार नाही. ठोकळे माझ्या मातीने नाही फुटले. ते पाण्यातून उपसले, रंगवले, म्हणून फुटले. ही भट्टी पेटली की पुढची चाळीस वर्षं तिचा धूर आपल्या पोरांच्या छातीवर बसणार आहे. पेटवू नका!"

मग टाळ्यांचा कडकडाट झाला. "काय तळमळ आहे हो!" एक पाहुणे म्हणाले. साहेबांचे तर डोळे भरून आले. त्यांनी मायेने तिचा हात धरला, तिचंच बोट बटणावर टेकवलं आणि वरून दाबलं.

पेपरात फोटो छापून आला. आईने तो कापून भिंतीवर चिकटवला, आणि गुडघा बघायला येणाऱ्या प्रत्येकाला ती जवळ नेऊन दाखवते, "हे बोट दिसतंय ना? ते माझ्या लेकीचं."