कुणी विचारायचं नाही

मुलगा मेला असं आईने सांगितलं, तरी तेवढ्यावर सून दुसऱ्या लग्नाला मोकळी होत नाही, हा आमच्याकडचा नियम. का, तर सासू सुनेच्या वाईटावर असते, खोटं बोलून, नवरा जिवंत असताना तिचं दुसरं लग्न लावून, तिला गोत्यात आणील. नियम करणाऱ्यांच्या घरात काय चालायचं ते देवालाच ठाऊक.

माझ्या शेजारची मर्था आपल्या एकुलत्या एका लेकाला, योएझरला, घेऊन बोस्राला बहिणीकडे निघाली आणि एकटीच परत आली. वाटेत पोरगा तापाने गेला. तिने स्वतःच्या हाताने त्याचे डोळे मिटले, माती दिली. सून शप्पिरा तिच्या गळ्यात पडून रडली. पण गावाच्या लेखी योएझर जिवंतच होता. शप्पिरा ना नवऱ्याची, ना मोकळी.

कुंभार मत्तियाची बायको वारली होती. तो शप्पिरासाठी थांबला होता, आणि हे स्थळ मर्थानेच शोधलं होतं. "मी पिकलं पान," ती मला म्हणायची, "या पोरीच्या मांडीवर एक लेकरू बघितलं की मी सुटले."

आशा एकच होती, उंटवाला ओबदा. तिकडचाच, परधर्मी. योएझरला पुरायला खड्डा त्यानेच खणला होता. असा माणूस बोलण्याच्या ओघात, कुणी न विचारता, अमका मेला म्हणाला तर ते खरं धरतात. विचारलं की ती साक्ष झाली, आणि परक्याची साक्ष चालत नाही. म्हणजे आई खोटी आणि उंटवाला खरा, तोही बेसावध असेल तर!

जैतुनाची झाडं झोडपायच्या दिवसांत ओबदा मीठ घेऊन गावात आला. मर्थाने त्याला अंगणात जेवायला बसवलं. गावाचे धर्मनिवाडे करणारे रब्बी एल्याशिब आधीच भट्टीशी पाठमोरे बसले होते, वहाणेचा पट्टा शिवत असल्यासारखे. त्यांनी आम्हा तिघींना बजावलं होतं, "एक अक्षर विचारायचं नाही. त्याने म्हटलं की मी आजच तिला मोकळी करतो."

शप्पिराने मसुराचं कालवण आणि रोट्या वाढल्या. ओबदा बोलका गडी. उंटिणीच्या गळवाबद्दल बोलला, मिठाच्या भावाबद्दल बोलला. "तुमचे जकातवाले म्हणजे, उंटाच्या सावलीवरसुद्धा कर लावतील," म्हणाला. योएझरचं मात्र नाव नाही. भला माणूस. आईच्या तोंडावर तिच्या मेलेल्या लेकाचा विषय काढायचा कसा, म्हणून टाळत होता. त्याच्या त्या भलेपणाचा मला असा राग आला!

"सावकाश होऊ द्या," मी म्हटलं आणि आणखी वाढलं.

मर्था पदर दातात धरून बसली होती.

"बोस्राच्या वाटेवर यंदा तरस फार झालेत," ओबदा म्हणाला. "पुरलेलं काही राहू देत नाहीत. परवा त्या टेकडीखालून आलो, तिथं आपण..."

"माझ्या योएझरला उकरलं का रे?"

मर्थाच्या तोंडून ते निघून गेलं. शप्पिराच्या हातातली पळी कालवणात पडली.

मग ओबदाने सगळं सांगितलं. कुठे पुरला, कसा पुरला, चेहरा कसा शांत होता. उकरलं होतं, हेही सांगितलं. त्याने पुन्हा माती लोटून दगड रचले होते. सांगताना बिचारा रडला. हवं होतं ते सगळं त्यात होतं, आणि त्याचा उपयोग शून्य.

रब्बी उठले.

"तो सांगतच होता, रब्बी," मी म्हटलं. "अर्धं तोंडात होतं त्याच्या."

"अर्धंच होतं, बाई. मेल्याचं नाव नव्हतं." त्यांचे डोळे भरले होते. वहाण तशीच हातात घेऊन ते अनवाणी गेले.

ओबदाही मान खाली घालून गेला. आपलं काय चुकलं ते त्याला शेवटपर्यंत कळलं नाही.

"इतके दिवस गप्प बसलात, आई," शप्पिरा म्हणाली. "आणखी एक घास गप्प बसवलं नाही तुम्हाला?"

"तरस म्हणाला गं तो."

हिवाळ्यात मत्तियाने दुसरीकडे लग्न केलं. त्याला तरी किती दिवस थांबवणार? लग्नाच्या रोट्या आमच्याच भट्टीवर झाल्या. शप्पिराने भाजल्या. मर्था शेजारी बसून पीठ मळून देत होती. सबंध दिवसात दोघी एकमेकींशी एक शब्द बोलल्या नाहीत.