डाव्या बाजूचा ठोकळा

मित्रांनो, मी एक जुने उखळ आहे. जुने म्हणजे मोडके, असा अर्थ मात्र कृपा करून काढू नका. माझी कड दोन ठिकाणी फुटली आहे, तळाशी एक चीर आहे, आणि तरीही परवाच्या शनिवारी माझ्यात साळी कांडून झाली. पावणेदोनशेच्या वर वर्षे उलटली की माणसे नुसती फोटोत उरतात. मी अजून कामावर आहे, हे आधीच सांगून टाकतो. थोडा गर्विष्ठ आहे मी. माझी गोष्ट ऐकलीत तर तुम्ही तो गर्व माफ कराल.

माझा जन्म अमेरिकेत, कॅरोलायनाच्या किनाऱ्यावर झाला, जिथे भरतीचे पाणी नदीत आत शिरते आणि ओहोटीला निघून जाते. तिथल्या दलदलीत एक सायप्रसचे झाड वादळाने आडवे झाले. सँको नावाच्या माणसाने त्याचा कमरेएवढा ओंडका कापून आणला. सँको गुलाम होता. लहानपणी त्याला समुद्रापलीकडच्या आफ्रिकेतून, भाताच्या मुलखातून पकडून आणले होते. त्याच्या गावी प्रत्येक दाराशी एक उखळ असे आणि त्याची आई पहाटे त्यात भात कांडत असे. त्याने माझ्या पोटात निखारे ठेवले, जळलेला भाग पटाशीने खरवडला, पुन्हा निखारे ठेवले. असे अकरा रविवार चालले, कारण बाकीचे सहा दिवस त्याचे नव्हतेच. हे लाकूड आपल्याकडचे नाही, असे कोणीतरी म्हणाले, तेव्हा सँको म्हणाला, "लाकूड कुठलंही चालतं. हात आपले हवेत."

हे वाक्य मी आजवर विसरलो नाही.

मालकाच्या माणसांना भाताचे ओ का ठो कळत नव्हते. बांध कसा घालायचा, खारे पाणी कसे अडवायचे, रोप कोणत्या भरतीला पाण्याखाली ठेवायचे, हे सारे आमच्या माणसांनी डोक्यात आणि हातांत सोबत आणले होते. बेड्या घालून आणलेल्या माणसांनी आपले शहाणपण मात्र कोणाला काढून घेऊ दिले नाही. त्या शहाणपणावर मालकाचे उखळ पांढरे झाले. मी आपला काळाकुट्टच राहिलो, पण मान कोणाची उंच, ते तुम्हीच ठरवा.

मला वापरणारी होती सँकोची मुलगी बायना. तिचे मुसळ दोन तोंडांचे होते. एक टोक निमुळते, तूस सोडवायला. दुसरे बोथट, दाणा पांढरा करायला. साळी कांडणे म्हणजे नुसते धोपटणे नव्हे. मुसळ पडता पडता मनगटातून किंचित वळवावे लागते, नाहीतर दाणा तुटतो. आणि दाणा तुटला की पाठीवर वळ उठत. अखंड तांदूळ मालकाच्या कोठारात जाई आणि तुटलेली कणी आमच्या माणसांच्या भांड्यात. बायनाच्या हातची कणी इतकी कमी निघे की शेजारची हेस्टर तिला टोमणे मारी, "तुझ्या हुशारीपायी आपण सगळे उपाशी मरणार बघ." त्यावर बायना वळून पाहायचीसुद्धा नाही, पण त्या दिवशी मूठभर कणी जरा जास्त निघे. चूक कशी करायची हेही तिला अचूक ठाऊक होते.

बायनाला एकच मुलगी झाली, मिंडा. पाच वर्षांची झाली तशी तिला आईबरोबर कांडायची हौस सुटली. पण माझी कड तिच्या हनुवटीला लागे. तेव्हा सँकोने माझ्याच खोडाचा उरलेला तुकडा शोधून काढला, वरून सपाट केला आणि माझ्या डाव्या बाजूला ठेवला. मिंडा डावा पाय उचलून त्या ठोकळ्यावर चढायची, अर्ध्या लांबीचे मुसळ दोन्ही हातांनी धरायची, आणि आईचा घाव उठला की आपला घाव घालायची. निम्मे घाव माझ्या कडेवर बसत. ते खड्डे अजून माझ्या अंगावर आहेत. कोणी लहान मूल त्यांवरून बोट फिरवते तेव्हा मला फार बरे वाटते.

मिंडा नऊ वर्षांची असताना मालक वारला. त्याच्या मुलांनी गाई, भांडी, माणसे सगळ्यांची वाटणी केली. मिंडा जावयाच्या वाट्याला गेली आणि त्याने तिला अलाबामाकडे निघालेल्या एका दलालाला विकले. बायना शेतावर होती. ती धावत आली तोवर गाडी वळणाआड गेली होती. तिने हंबरडा फोडला नाही. ती माझ्याजवळ आली, तो ठोकळा उचलला, खाडीपर्यंत चालत गेली आणि ओहोटीच्या पाण्यात फेकून आली. मग तिने मुसळ उचलले, कारण संध्याकाळपर्यंत तिच्या वाट्याचे भात कांडून व्हायचे होते. मी लाकडाचा आहे. पण त्या दिवशीचे घाव मला लागले.

पुढे गुलामगिरीवरून मोठे युद्ध झाले आणि माणसे स्वतंत्र झाली. पुष्कळ जण शहराकडे गेले. हेस्टरने बायनालाही खूप समजावले. बायना म्हणाली, "मी इथून हलले, तर माझी पोरगी येईल कुठं?" ज्या जमिनीवर राबली होती तिचाच एक लहान तुकडा तिने हेस्टरच्या कुटुंबाबरोबर घेतला आणि मला आपल्या खोपटासमोर उभे केले. आता माझ्यातला अखंड तांदूळ तिच्या स्वतःच्या भांड्यात जाऊ लागला. पहिल्यांदा तो शिजला तेव्हा तिने एक घास घेतला आणि म्हणाली, "कणीला जास्त चव होती." हेस्टर हसून हसून खाली बसली.

त्या काळी आमची माणसे हरवलेल्या नातलगांसाठी वर्तमानपत्रांत जाहिराती देत. कोणाची आई, कोणाचा भाऊ, कोणाचा नवरा. रविवारी प्रार्थना संपली की पाद्रीबाबा त्या मोठ्याने वाचून दाखवत आणि सगळे चर्च कान टवकारून ऐके. शाळेच्या बाईंनी बायनाची जाहिरात लिहून दिली. मुलीचे घरातले नाव मिंडा, आजोबा सँको, वय तेव्हा नऊ, डाव्या हातावर गरम भांड्याने भाजल्याचा डाग. आठवले ते सगळे तिने घातले. माझे नाव तेवढे घातले नाही. उखळाचे काय सांगायचे पेपरात!

जाहिरातीनंतर चौथ्या वर्षी एक बाई आली. डेलिया तिचे नाव, मिसिसिपीहून आलेली. ती म्हणाली, मला लहानपणी विकले, आई कोण ते धड आठवत नाही, हातावर डाग आहे, कदाचित मीच तुमची मिंडा असेन. डाग खरेच होता. स्वयंपाकघरात वाढलेल्या कोणाच्या हातावर नव्हता? बायनाने तिला पोटाशी धरले, शेंगा घालून भात केला, आपला पलंग दिला. ती लबाड नव्हती हो. दोघींनाही ते खरे हवे होते, आणि आठ दिवस दोघींनी ते खरे करून पाहिले. नवव्या दिवशी डेलियाने गाठोडे बांधले. ती म्हणाली, "मावशी, माझी आई गाणं गुणगुणायची तो आवाज मला आठवतो. तो तुमचा नाही. तुमचा असायला हवा होता." बायनाने तिच्यासोबत वाटेत खायला भाताच्या वड्या बांधून दिल्या.

त्यानंतर बायना बदलली. दुधाने तोंड पोळले की माणूस ताकही फुंकून पितो. पाद्रीबाबा जाहिराती वाचू लागले की ती उठून बाहेर जाई. असे आणखी एकदा झाले तर आपण उभे राहणार नाही, हे ती हेस्टरला म्हणाली नाही, पण एकदा कांडता कांडता माझ्याशी पुटपुटली होती.

आणि मग भाताच्या कापणीनंतर, भर दुपारी, रस्त्यावरून एक उंच बाई चालत आली. बूट हातात, पाय धुळीने भरलेले. बायना आणि हेस्टर माझ्या दोन बाजूंना उभ्या राहून कांडत होत्या. हेस्टरने तिला आधी पाहिले आणि हळूच म्हणाली, "आणखी एक आली बघ."

बायनाने मुसळ थांबवले नाही. बाई जवळ येऊन म्हणाली, "मी मिंडा."

"नाव पेपरात आलंय, बाई," बायना म्हणाली. "हातावरचा डागही आलाय. ते दाखवू नकोस मला."

"मग काय सांगू?"

"काही सांगू नकोस. लांबून आलीस, भूक लागली असेल. कांडल्याशिवाय भात होत नाही. हेस्टर, दे तिला मुसळ."

मित्रांनो, ही परीक्षा नव्हती. बायनाला परीक्षा घ्यायचीच नव्हती, कारण निकालाची तिला भीती वाटत होती. दारात आलेल्याला काम आणि जेवण द्यायचे, एवढेच तिच्या मनात होते. नजर तिने माझ्या पोटातल्या साळीवरून वर उचलली नाही.

हेस्टर बाजूला झाली. बाईने मुसळ हातात घेतले. ती उजवीकडे मोकळ्या जागेत उभी राहिली असती तरी चालले असते, पण ती मला वळसा घालून डावीकडे आली. आणि तिथे आल्यावर तिने डावा पाय उचलला, चांगला वीतभर उंच, आणि पुढे टाकला. तिथे काहीच नव्हते. तिचा तोल गेला आणि ती माझ्या कडेवर आदळली.

"अगं, जिना चढतेस का काय?" हेस्टर हसली.

बाई स्वतःच गोंधळली होती. पायाकडे बघत म्हणाली, "इथं काहीतरी असायचं. इथंच असायचं. काय ते... मला आठवत नाही."

बायनाचे मुसळ हवेतच थांबले. मिंडा गेल्यापासूनच्या अठरा वर्षांत मी ते कधी अर्ध्यावर थांबलेले पाहिले नव्हते. त्या ठोकळ्याची गोष्ट पेपरात नव्हती. सँको मरून गेला होता. हेस्टर तो कधीच विसरली होती. जगात तो ठोकळा आता फक्त तिघांना ठाऊक होता आणि त्या तिघांतला एक मी होतो. मला तोंड असते तर त्या दिवशी मी ओरडलो असतो.

"ठोकळा होता," बायना म्हणाली. "तू गेलीस त्या दिवशी मी खाडीत फेकला."

मिंडाने त्या मोकळ्या जागेकडे पाहिले. मग लहान मुलीसारखी म्हणाली, "मग आता मी चढू कशावर, आई?"

"आता नाही लागत तुला, पोरी. वाढलीस तू."

हेस्टरने दोघींच्या हातून मुसळे काढून घेतली, नाहीतर कोणाच्या तरी पायावर पडली असती. संध्याकाळी तिघींनी पुन्हा कांडायला घेतले. मिंडा एवढी वर्षे कापूस वेचत होती, मुसळ वळवायचे ती साफ विसरली होती. सगळी कणीच कणी झाली. बायना तिला रागावत होती, रडत होती आणि पुन्हा रागावत होती. मी माझ्या आयुष्यात खूप अखंड तांदूळ काढला आहे. पण त्या दिवशीच्या कणीइतका अभिमान मला कशाचाच वाटत नाही.

पुढचे थोडक्यात सांगतो, कारण ते तुमच्याकडेही घडलेले असेल. वादळांनी बांध फुटले, भाताची शेती संपली, गिरणीचा तांदूळ पिशव्यांतून येऊ लागला. मला परसात ढकलले गेले. कोंबड्या माझ्यातले पावसाचे पाणी पीत. एका सुनेने माझ्यात माती भरून फुलझाडे लावली. फुले छान आली, पण मुळे माझ्या चिरेत घुसली आणि मी आतून कुजू लागलो. किनाऱ्यावर नवे बंगले बांधणारा एक गृहस्थ मला विकत मागायला आला. दिवाणखान्यात छत्र्या ठेवायला हवा होतो म्हणे! तेव्हा घरात मिंडाची पणती अर्नेस्टीन होती. तिने जन्मभर शाळेची बस चालवली आहे, आवाज दमदार. ती म्हणाली, "छत्र्यांना बादली पुरते, साहेब. हे आमच्या घरातलं माणूस आहे."

तिनेच माझ्यातली माती काढली, मला वाळवले, तेल पाजले. आता दर वर्षी कापणीच्या शेवटच्या शनिवारी सगळी भावकी तिच्या अंगणात जमते, अटलांटाहून, शिकागोहून, कोणी फार लांबून. घरातले सगळ्यांत मोठे माणूस पहिला घाव घालते आणि सगळ्यांत लहान मूल दुसरा. त्यासाठी अर्नेस्टीनने सायप्रसचा एक नवा ठोकळा करवून माझ्या डाव्या बाजूला ठेवला आहे. परवा त्यावर पाच वर्षांचा एक मुलगा चढला. त्याचा घाव माझ्या कडेवर बसला. नवा खड्डा पडला. सगळे हसले, आणि मी तर सर्वांत आधी.

मित्रांनो, तुमच्याही घरी एखादे उखळ, पाटा, जाते असेल. त्याला पुसा, वाळवा, त्यात माती भरू नका. ते ज्यांनी घडवले त्यांची नावे विचारून ठेवा, आणि ती नावे सांगताना मान वर ठेवा. आणि एक विनंती आहे. त्याच्या शेजारी मुलांच्या पायांखालचा ठोकळा असेल, तर तो हलवू नका. अठरा वर्षांनीसुद्धा कोणीतरी पाय उचलते.