रांगेतला हेर

लंडनच्या पोलिसात हेर पकडायच्या शाखेत कथबर्ट ऑर्मरॉडनं सव्वीस वर्षं घासली, पण एकही हेर त्याच्या हाती लागला नाही. दरवेळी हा वॉरंट घेऊन पोचेपर्यंत पाखरू भुर्र उडालेलं असायचं. आज शुक्रवार. संध्याकाळी पाचला तो निवृत्त होणार होता. पाचनंतर त्याला कुत्र्यालासुद्धा अटक करता आली नसती.

आणि आजच, चार वाजून वीस मिनिटांनी, बंदरावर परदेशी बोटीला जोडून जाणाऱ्या बोटगाडीच्या तिकीट खिडकीसमोर त्याला लायनेल पास्क दिसला. नाव अर्थातच खोटं. बारा वर्षं हा गृहस्थ उपनगरात गुलाब लावत होता, शेजाऱ्यांशी हवापाण्याच्या गप्पा मारत होता आणि आरमाराचे नकाशे परदेशी धाडत होता. आता कायमचा निघाला होता. ऑर्मरॉडला वरून हुकूम होता, की अटक गुपचूप करायची, चारचौघांत ‘हेर’ हा शब्द निघता कामा नये.

पास्कच्या मागे सहाजण होते. ऑर्मरॉड मुकाट्यानं सातवा उभा राहिला. रांग मोडणारा त्याच्या घराण्यात अजून जन्मला नव्हता.

पास्कचा नंबर लागला आणि तिकीटबाबूनं पाटी लावली: ‘चहा. पाचला उघडेल.’ कुणी हूं की चूं केलं नाही. पास्कनं मागे वळून पाहिलं, ऑर्मरॉडला ओळखलं आणि तो पांढराफटक पडला. पण लागलेला नंबर सोडून पळायचं त्याच्या मनातसुद्धा आलं नाही.

चार पंचावन्नला ऑर्मरॉडनं घड्याळ पाहिलं आणि तो पुढे वाकला.

“माफ करा बाई, जरा पुढे जाऊ का?”

पुढच्या टिडमार्शबाईंनी चष्म्यावरून पाहिलं. “का? आम्ही काय इथे शोभेला उभे आहोत?”

“पोलिसाचं काम आहे.”

“कसलं काम?” त्यांच्या पुढच्या पाद्रीबुवांनी विचारलं.

“ते सांगता येत नाही.”

“ऐकलंत? सांगता येत नाही म्हणे!” बाई म्हणाल्या. “नवीनच सबब निघाली ही.”

चार अठ्ठावन्नला ऑर्मरॉडनं डोळे मिटले आणि तो पुढे घुसला. बाईंची छत्री त्याच्या पोटरीत अडकली. पाद्रीबुवांनी कॉलर धरली. आणि खुद्द पास्क खिडकी सोडून धावत आला, त्यानं ऑर्मरॉडचा दंड पकडला.

“लाज नाही वाटत?” पास्क खरोखरच रागानं थरथरत होता. “आपल्या देशात हे असलं कधीपासून चालायला लागलं?”

“जा हो तुम्ही, तुमची जागा राखलीय आम्ही,” टिडमार्शबाई पास्कला म्हणाल्या. पण त्यानं ऑर्मरॉडला स्वतः रांगेच्या शेपटाशी नेऊन उभं केलं.

बेड्या खिशात होत्या. पास्कचं मनगट वीतभर अंतरावर होतं. अजून एक मिनिट हातात होतं. पण सगळी रांग बघत होती, ऑर्मरॉडचे कान लालबुंद झाले होते आणि त्याची नजर बुटांवरून वर उठेना.

“चुकलंच माझं,” तो म्हणाला.

पाचचे ठोके पडले. पास्कनं तिकीट घेतलं, बाबूचे आभार मानले आणि तो गाडीत जाऊन बसला.

घरी त्याच्या बायकोनं, एनिडनं, दारातच विचारलं, “कथबर्ट, शेवटच्या दिवशी तरी सापडला का रे एखादा हेर?”

“नाही. निसटला.”

“अगंबाई! कसा?”

“सरकारी गुपित आहे ते,” ऑर्मरॉड म्हणाला. लग्न झाल्यापासून तो बायकोशी पहिल्यांदाच खोटं बोलला.