चौथा साक्षीदार

"मामा, आज तरी नीट ऐका," आरोपीची बहीण मला म्हणाली आणि हातातला कागद वकिलांना द्यायला आत गेली.

मी त्या कोर्टात पुकारा करायचो. दाराबाहेर उभं राहून नाव तीनदा घ्यायचं, नंतर आत जाऊन हजर की गैरहजर ते सांगायचं. अक्षरं मला चाळिशीनंतर कळली. तोवर सगळी नावं ऐकून पाठ करायचो, त्यामुळे कागदापेक्षा कानावर माझा भरवसा जास्त.

तिच्या भावावर खुनाचा खटला होता. सात वर्षं तो तुरुंगात होता आणि निकाल सोडाच, साक्षीसुद्धा पुऱ्या झाल्या नव्हत्या. तिघांच्या झाल्या आणि चौथ्यावर गाडी अडली. हा चौथा म्हणजे प्रकार डोळ्यांनी पाहणारा एकटाच, आरोपीचा शेजारी. जामिनाचा अर्ज आला की सरकारी वकील उठून सांगायचे, याची साक्ष होण्याआधी आरोपी सुटला तर तो याला धमकावेल. अर्ज फेटाळला जायचा.

दर तारखेला मी त्या साक्षीदाराला पुकारायचो. पहिल्या दोन हाकांना काही नाही. तिसरीला जिन्यातून आवाज यायचा, "आलो." दमलेल्या माणसाचा, एकेक पायरीवर थांबत चढणाऱ्याचा. मी आत जाऊन सांगायचो, साक्षीदार आलाय, खाली आहे. साहेब प्रकरण दुपारवर ठेवायचे. दुपारी कोणी नसायचं. पुढची तारीख पडायची. साहेब बदलले, तीन की चार, पण माझ्या शब्दावर कोणी शंका घेतली नाही. सगळे म्हणायचे साक्षीदार भित्रा आहे, येतो आणि पळतो. मीही तेच म्हणायचो. जिना उतरून कधी पाहिलं नाही. दार सोडायची मला मुभा नव्हती, आणि खरं सांगायचं तर धीरही नव्हता.

बहिणीने आणलेला कागद मृत्यूचा दाखला होता. साक्षीदार मुलीकडे दूरगावी गेला होता आणि तिथेच वारला होता. सहा वर्षांपूर्वी. समन्स इकडे त्याच्या बंद दारावर चिकटवलं जात होतं.

नव्या साहेबांनी आधी दाखल्याकडे पाहिलं, मग माझ्याकडे. "गेल्या तारखेला आलाय म्हणून तुम्हीच सांगितलंत ना?"

"आवाज आला होता साहेब."

"कुणाचा?"

सरकारी वकील म्हणाले, मामांच्या आधी त्यांच्या कानांना पेन्शन द्या. सगळे हसले, बहीण तेवढी हसली नाही. मग त्यांनी दाखला तपासायला मुदत मागितली. साहेब म्हणाले, मुदती पुष्कळ झाल्या. आता पुकारा, कोणी आलं नाही तर जामिनाचा आदेश आजच करतो.

मी बाहेर आलो. एक हाक दिली. दुसरी दिली. बहीण दारात येऊन माझ्या तोंडाकडे पाहत होती. मी तिसरी दिली.

"आलो."

या वेळी जिन्यातून नाही. बाकाच्या टोकाकडून, चार पावलांवरून. बाकावर दाटीवाटीने माणसं बसली होती. एकानेही मान वळवली नाही.

चौतीस वर्षांत मी कोर्टाला खोटं सांगितलं नव्हतं. आत गेलो आणि म्हणालो, "कोणी नाही साहेब."

जामीन झाला. बहीण भिंतीला टेकून मटकन खालीच बसली. संध्याकाळी सुटका होणार होती, तोवर कागदांसाठी पोलीस तिच्या भावाला तुरुंगात परत नेत होते. दारात तो माझ्यापाशी थांबला. सात वर्षांत माझ्याशी एक अक्षर बोलला नव्हता.

"आज अगदी जवळून आला, नाही?" तो हळूच म्हणाला. "मला कोठडीत रोज येतो. आता घरी गेलो की पुन्हा शेजारीच."

पोलिसाने त्याला पुढे घेतलं. बहीण उठून मागोमाग निघाली, घर कसं झाडून पुसून ठेवलंय ते सांगत.

पुढचं प्रकरण पुकारायला मी बाहेर गेलो नाही. उंबऱ्याच्या आतच उभा राहिलो आणि नाव एकदाच घेतलं, तेही हळू. कोणी आलं नाही. मी गैरहजर सांगितलं.

थोड्या वेळाने एक म्हातारी दारातून डोकावली.

"आमचं पुकारलंत का हो मामा? सकाळपासून इथंच बसलोय आम्ही."